जिनं मला उठू दिलं नाही

या धाग्यावर मी बरीच वर्षं नुसता वाचक आहे. तुमचे अनुभव वाचतो आणि खरं सांगायचं तर मनातल्या मनात त्यांची उत्तरं काढत बसतो... वाऱ्यानं वाजलेलं दार, अर्धवट झोप, अंगातला ताप, लहानपणी कुणीतरी घातलेली भीती. माझा पेशाच तसा आहे. लातूरला एका क्लासमध्ये मी अकरावी-बारावीच्या मुलांना फिजिक्स शिकवतो. त्याआधी हवाई दलात लढाऊ विमानं उडवायचो. दोन्हीकडं एकच सवय लागते, कारण सापडेपर्यंत शोधत राहायचं. वडील गावात प्राथमिक शाळेचे शिक्षक होते. आमच्या घरात देवपूजाच नव्हती, तिथं भूत कुठून शिरणार?

तरीही लिहितोय. कारण या एका गोष्टीचं कारण मला सापडलेलं नाही. जिच्याबद्दल लिहितोय त्या गयामावशीला मागच्या महिन्यात विचारलं, "लिहू का?" ती म्हणाली, "लिही की. त्यात काय लपवायचंय?"

आधी मावशीबद्दल सांगतो. आमचं गाव किल्लारीच्या जवळचं. तुम्हाला माहीत आहेच, तिकडची जुनी घरं दगड-मातीची, वर माळवद. म्हणजे लाकडी तुळयांवर मातीचे थरावर थर देऊन केलेलं सपाट छप्पर. उन्हाळ्यात गार, हिवाळ्यात ऊबदार. गयामावशी आमची शेजारीण. तिच्या घराची आणि आमच्या घराची भिंत एकच होती. तिचा संदीप माझ्या वर्गात. आम्ही दोघं त्या भिंतीवर बुक्क्या मारून एकमेकांना खेळायला बोलवायचो.

भूकंप झाला तेव्हा मी सहावीत होतो. आदल्या दिवशी गणपती बुडवलेले, त्यामुळं सगळं गाव उशिरा झोपलेलं. आई आणि धाकटी बहीण नांदेडला मामाकडं गेल्या होत्या, मामीचं बाळंतपण होतं म्हणून. घरात वडील आणि मी. पहाटे काय झालं ते मला आठवत नाही. मला आठवतं ते त्यानंतरचं. अंधार, तोंडात माती, आणि पोटावर काहीतरी जड. वडील बाहेरच्या खोलीत होते. ते गेले, हे मला नंतर कळलं.

मी हातपाय झाडायला लागलो. त्यासरशी वरून माती सुटायला लागली. तेवढ्यात भिंतीच्या बाजूनं बाईचा आवाज आला.

"हालू नको."

मी विचारलं, "मावशी?"

"हाव. हालू नको बाबा. हाय तसं पड. हालला की माती खाली येतीय."

ती बोलत राहिली. मी रडायला लागलो की म्हणायची, "रडू नको, दम पुरव." मी गप्प झालो की म्हणायची, "जागा हाईस का?" मी "हाव" म्हणायचो. असं किती वेळ चाललं मला सांगता येणार नाही. वरून माणसांचे आवाज यायला लागले, कुदळी वाजायला लागल्या, एका फटीतून ऊन आत आलं, तोपर्यंत ती बोलतच होती. मला बाहेर काढलं तेव्हा मी सारखं "मावशी, मावशी" करत होतो म्हणे. म्हणून लोकांनी भिंतीपलीकडं उकरलं. तिथं गयामावशी सापडली. तिचा नवरा आणि संदीप दोघंही गेले होते. त्या घरातली मावशी तेवढी वाचली; थोरली मुलगी लग्न होऊन निलंग्याला होती.

तेव्हापासून आमच्या घरात ठरलेलं वाक्य होतं, अजूला, म्हणजे मला, गयानं वाचवलं. आई दरवर्षी दिवाळीत मला तिच्याकडं घेऊन जायची. तिला सरकारी पुनर्वसनात घर मिळालं होतं, नव्या गावात, सरळ रेषेतल्या गल्ल्या आणि वर पत्रे. कुणाच्याही घरात माळवदाखाली झोपायचं नाही, हे तिकडच्या माणसांनी ठरवूनच टाकलं होतं. मावशीचा आवाज भूकंपानंतर फार घोगरा झाला होता. ढिगाऱ्याखाली ऐकलेला आवाज स्वच्छ होता, हा घोगरा. पण धुळीनं घसा गेला असणार, असं मी धरून चाललो.

आम्ही नांदेडला मामाच्या आधारानं राहिलो. मामा मुदखेडला रेल्वेत होता. दहावीनंतर आईनं मला लातूरला पाठवलं. तेव्हा लातूरच्या त्या गल्ल्यांत नांदेड, परभणी, हदगाव, भोकर, कुठून कुठून पोरं येऊन राहिली होती. एकेका खोलीत चार-चार कॉट. पहाटे क्लास, दुपारी कॉलेज, संध्याकाळी पुन्हा टेस्ट. सगळ्यांना डॉक्टर किंवा इंजिनिअर व्हायचं होतं. मी एनडीएची परीक्षा दिली, लागलो, आणि पुढं फायटर पायलट झालो. आमच्या गल्लीतल्या खानावळवाल्या काकांना शेवटपर्यंत वाटायचं की मी प्रवासी विमान चालवतो.

आता विमानातून बाहेर पडण्याबद्दल थोडं सांगायला हवं, नाहीतर पुढचं नीट कळणार नाही.

सिनेमात पायलट दांडी ओढतो, छत्री उघडते, तो कपडे झटकत चालायला लागतो. खरं तसं नसतं. आमची सीट म्हणजे एक तोफच असते, आणि तोफगोळ्याच्या जागी आपण. दांडी ओढली की डोक्यावरची काच स्फोटानं फुटते, सीटखालचा दारूगोळा पेटतो, मग रॉकेट. त्या क्षणी शरीराचं वजन दहा-पंधरा पटींनी, कधी त्याहूनही जास्त वाढतं आणि ते सगळं पाठीच्या कण्यावर येतं. इजेक्ट झालेली बरीच माणसं उंचीला थोडी कमी होऊन परत येतात, हे विनोदानं सांगतात पण खरं आहे. बाहेर पडताच वारा अंगावर असा आदळतो की हात सैल असले तर खांदे निखळतात. खाली आपल्याच विमानाची आग असू शकते, विजेच्या तारा असू शकतात, पाणी असू शकतं. जमिनीवर टेकल्यावर छत्रीत वारा भरला तर ती माणसाला फरफटत नेते.

आणि सगळ्यात मोठा धोका उशिराचा. अजून थोडं सावरू, अजून थोडं पाहू, या नादात किती तरी चांगले पायलट गेले. म्हणून पहिल्या दिवसापासून एकच घोकून घेतात. पाठ ताठ, डोकं मागं टेकलेलं, कोपरं आत, आणि वेळेत ओढ.

माझ्या वेळी मी यातल्या दोन गोष्टी चुकवल्या.

हिवाळ्यातली सकाळ होती. उत्तरेकडचा एक तळ... नाव लिहीत नाही, विमानाचा प्रकारही लिहीत नाही, तुम्ही समजून घ्याल. धुकं नुकतंच निवळलं होतं. पुढं लीडर, मागं मी. टेक-ऑफ झालं, चाकं वर घेतली आणि मोठा दणका बसला. पक्षी. घार असावी. इंजिन खडखडायला लागलं, आगीचा दिवा लागला. लीडर रेडिओवर शांतपणे म्हणाला, "आग दिसतेय. इजेक्ट."

समोर वीटभट्टी होती आणि तिला लागून झोपड्या. बाहेर वाळत घातलेले कपडे दिसले. मी नाक डावीकडं वळवलं, तिकडं मोहरीची शेतं होती. विमान नीट तिकडंच जातंय का, हे बघायला मी मान आणि खांदे डावीकडं वळवले. तसाच वळलेला असताना मी दांडी ओढली.

नंतरचं तुकड्या-तुकड्यानं आठवतं. आवाज. मग आवाजच नाही. छत्री उघडल्याचा हिसका आणि जवळजवळ लगेच जमीन. वारा होता, छत्रीनं मला पिकातून थोडं ओढत नेलं. हातांनी सवयीनं बकल सोडलं आणि मी उताणा थांबलो. चारी बाजूंना पिवळी फुलं, वर आकाश. हेल्मेटची काच फुटलेली, डोळ्यांत रक्त उतरत होतं. लांबवर काळा धूर दिसत होता.

अशा वेळी माणसाला उठायचं असतं. दुखत नसतं काही, अंगात नुसतं वारं भरलेलं असतं. उभं राहून स्वतःलाच दाखवायचं असतं की आपण जिवंत आहोत. मी दोन्ही कोपरं जमिनीला टेकवली.

"हालू नको."

डोक्याच्या मागून आवाज आला. आणि हेल्मेटच्या दोन्ही बाजूंना हात टेकले. दाबले नाहीत, नुसते धरले.

"हालू नको बाबा. हाय तसं पड."

मी कोपरं सोडून दिली. मला भीती वाटली नाही आणि आश्चर्यही वाटलं नाही. सगळ्यात विचित्र तेच वाटतं मला आता. त्या राज्यात, त्या शेतात, माझ्या गावच्या बोलीत कुणीतरी बोलतंय, आणि मला ते अगदी बरोबर वाटत होतं. आवाज तोच होता. ढिगाऱ्याखालचा, स्वच्छ.

मी म्हणालो, "मावशी, विमान जळायलंय."

"जळू दे."

"कुणाला लागलं का? झोपड्या होत्या तिथं."

"कुणालाबी न्हाई लागलं. तू हालू नको."

मग माणसांचा गलका आला. पळत येणारे पाय, पिकाची सळसळ. "उठाओ, उठाओ, चारपाई लाओ," असं कुणीतरी ओरडत होतं. मावशी जोरात काहीतरी बोलली. मला वाटतं "हात लावू नका" असं. आणि सगळे थांबले. कुणीच जवळ आलं नाही. तिचे हात हेल्मेटवर तसेच होते. मधूनच विचारायची, "जागा हाईस का?" आणि मी "हाव" म्हणायचो.

हेलिकॉप्टर आलं. मेडिकल टीमनं मानेला पट्टा घातला, लाकडी फळीवर घेतलं. मी त्यांना हिंदीत म्हणालो की मावशीलाही घ्या. त्यातला एक जण "जी सर, जी सर" म्हणाला. मार लागलेला माणूस बडबडतोच, अशा सुरात.

सर्जननी मला शुद्धीवर आल्यावर एक्स-रे दाखवला. कमरेच्या वरचे दोन मणके फुटले होते. एकाचा तुकडा सरकून मज्जारज्जूला अगदी टेकला होता. ते म्हणाले, "तुला कुणी उचलून बसवलं नाही हे नशीब. तू उठून बसला असतास, किंवा गावकऱ्यांनी हातापायाला धरून खाटेवर टाकलं असतं, तर तुझे पाय आज तुझे नसते. बहुतेक वेळा लोक प्रेमानंच उचलतात आणि घात होतो."

मी विचारलं, "वीटभट्टीवर कुणाला लागलं का?"

"कुणालाही नाही. विमान रिकाम्या शेतात पडलं."

आई नांदेडहून आली, उशाशी बसली. तिला मी सगळं सांगितलं. तिनं डोळे पुसले आणि म्हणाली, "गयाच असंल. तिचा जीव हाय तुझ्यावर." मी हसलो. गयामावशी तेव्हा निलंग्याला मुलीकडं धडधाकट होती, आईनं तिला फोनही केला होता. जिवंत बाई निलंग्यात बसून इतक्या लांब शेतात कशी येईल?

त्याचं उत्तर मला हॉस्पिटलमधल्या मानसोपचार डॉक्टरांनी दिलं आणि ते मला पटलं. जीव धोक्यात आला की मेंदू जुनी, आधार देणारी आठवण बाहेर काढतो. एकटे गिर्यारोहक, समुद्रात भरकटलेले खलाशी, यांनाही सोबत कुणीतरी असल्यासारखं वाटतं. लहानपणी मी एकदा दबलो होतो, तेव्हा ज्या आवाजानं मला वाचवलं तोच मेंदूनं पुन्हा ऐकवला. हात हेल्मेटवर असल्याचा भास त्यातलाच. मी हे स्पष्टीकरण पुढं मित्रांनाही सांगायचो. चांगलं आहे ते. मला अजूनही आवडतं.

पण पुढच्या वर्षी, कमरेला पट्टा लावून का होईना चालायला लागलो, तेव्हा बायकोला घेऊन त्या गावात गेलो. ज्यांच्या शेतात पडलो त्या शेतकऱ्याचे आभार मानायचे होते. साठीचे, उंच, मोठ्या मिशांचे गृहस्थ. त्यांचं नाव बलबीर. त्यांनी आम्हाला अंगणात खाटेवर बसवलं, पितळी पेल्यात दूध आणलं. माझी पाठ, माझी नोकरी, सगळी चौकशी केली. आणि मग अगदी सहज विचारलं, "और वो आपकी औरत ठीक है?"

मी बायकोकडं बोट केलं. "ये क्या, सामने बैठी है."

"ये नहीं. वो जो आपका सिर पकड़ के बैठी थी."

माझ्या हातातला पेला मी खाली ठेवला, एवढं आठवतं. बायकोनंच विचारलं, कोण होती, कशी होती. बलबीरजींना त्यात नवल वाटण्यासारखं काही नव्हतं. ते म्हणाले, चाळिशीची असेल. सावळी. साडी विचित्र नेसलेली, मागं खोचलेली, धोतरासारखी. ती आमच्या आधी तिथं होती. "हम तो आपको उठा ही रहे थे. चारपाई ले आए थे. उसने हाथ उठाकर रोक दिया. बोली समझ में नहीं आई, पर बात समझ में आ गई."

"मग ती गेली कुठं?"

हेलिकॉप्टर उतरलं तेव्हा धुरळा उडाला, सगळ्यांनी डोळे झाकले. नंतर ती दिसली नाही. त्यांना वाटलं, ती माझ्यासोबत हेलिकॉप्टरमधून गेली. हवाई दलाचीच कुणीतरी नर्स वगैरे असेल. त्यांच्या सुनेनं आणि शेजाऱ्यानंही हेच सांगितलं, वेगवेगळं विचारल्यावर.

मी जेवढं तपासता येईल तेवढं तपासलं. वीटभट्टीवरचे मजूर पूर्वेकडचे होते, त्यांच्यात मराठी कुणी नव्हतं. तळावर महाराष्ट्रातली घरं होती, त्यांना विचारलं. नऊवारी नेसणारी कुणाची आई, सासू, कामाला आलेली बाई... कुणीच नाही. आणि असतीच तरी त्या वेळी तिथल्या शेतात पायी कशी पोचली असती? माझ्या मेंदूनं ऐकवलेला आवाज बलबीरजींना कसा ऐकू गेला, हे त्या डॉक्टरांना फोन करून विचारलं. ते म्हणाले, "गर्दीच्या साक्षींवर फार विसंबू नये." तेही बरोबरच आहे.

त्यानंतर सुट्टी काढून मी निलंग्याला गेलो. फोनवर बोलण्यासारखं नव्हतं. दुपारची वेळ, मुलगी कामावर गेलेली. मावशी ओसरीत सुपात तूर निवडत बसली होती. मला बघून म्हणाली, "ये. पाठ कशीय? खाली बसता येतंय का, का खुर्ची देऊ?"

खुर्चीत बसून मी तिला सगळं सांगितलं. शेत, हात, बलबीरजी, खोचलेलं लुगडं. तूर निवडणारी तिची बोटं मधेच कधीतरी थांबली.

शेवटी मी म्हणालो, "मावशी, आवाज तुझा होता. ढिगाऱ्यात बोलायली होतीस तसाच."

ती म्हणाली, "ढिगाऱ्यात म्या बोललेच न्हाई, बाबा."

मला आधी वाटलं, वयामुळं विसरली.

"बोलणार कशी? छातीवर तुळई पडलेली. तोंडात माती. संदीपला हाक मारायची तर तोंड उघडंना. म्या नुसती पडले होते. ती बाई बोलायली ते ऐकत होते."

"कोण बाई?"

"मला वाटलं, तुझी आय. तुझ्या घरात दुसरी बाई कोण असंल?"

"आई नांदेडला होती."

"हाव. ते मला लातूरच्या दवाखान्यात कळलं. मंग लई दिवस विचार केला, कोण असंल म्हणून."

बाहेर गल्लीतून कुणाची तरी मोटरसायकल गेली. मावशीनं सूप बाजूला ठेवलं. मी विचारलं, इतकी वर्षं बोलली का नाहीस? तिनं मला जे सांगितलं ते तिच्याच शब्दांत लिहितो, मला त्यात भर घालता येणार नाही.

"तुझी आय दवाखान्यात आली आन् माझे पाय धरून रडली. आख्खं गाव म्हणायलं, आपलं लेकरू गेलं तरी गयानं दुसऱ्याचं वाचवलं. माझ्या घरात तर कुणीच राहिलं न्हवतं. जगायचं कशाला, ह्याच इचारात होते. त्या एका बोलण्यावर म्या उठून बसले बघ. मंग तू दर दिवाळीला यायलास. ते कसं मोडू?"

मी म्हणालो, "मोडायचं काहीच नाही, मावशी. मी येतोच की."

थोड्या वेळानं ती म्हणाली, "आनिक एक हाय. ती आदी तुझ्याकडं न्हवती. आदी संदीपकडं होती. संदीप लई कण्हायला होता. ती त्याला म्हणली, झोप लेकरा, आता झोप. तसा त्यो शांत झाला. तवा मला समजलं. मंग भिंतीकडनं तिचा आवाज आला, हालू नको म्हणून. तो तुला."

ती रडली नाही. मी रडलो. तिनं पदरानं माझं तोंड पुसलं, मी चाळिशीकडं झुकलेला माणूस, आणि म्हणाली, "त्याला एकट्याला जावं लागलं न्हाई, एवढंच मला पुरं हाय."

आता तुम्ही विचाराल, मला काय वाटतं. मी खूप बाजूंनी विचार केला आहे. ढिगाऱ्यात आजूबाजूच्या घरातली दुसरी कुणी बाई बोलत असू शकते. आमच्या त्या ओळीत पुढं-मागं बरीच घरं होती, आणि त्यातल्या बहुतेक बायका वाचल्या नाहीत. मावशीच्या त्या वेळच्या शुद्धीवर किती भरवसा ठेवायचा, हाही प्रश्न आहे. मोहरीच्या शेतातल्या बाईला माझ्या डोक्यानं जुना आवाज चिकटवला असेल. प्रत्येक गोष्टीचं सुटं-सुटं काहीतरी उत्तर निघतं. पण सगळी उत्तरं एकत्र ठेवली की ती एकमेकांना धरत नाहीत. वर्गात एखाद्या मुलानं असं गणित सोडवलं तर मी त्याला मार्क देणार नाही. कुणाकडं यापेक्षा बरं स्पष्टीकरण असेल तर जरूर लिहा, मी मनापासून वाचेन. मला ते अजून सापडलेलं नाही.

त्या दिवशी निघताना मावशी दारापर्यंत आली. मी चपला घालत होतो, पाठीमुळं मला जरा वेळ लागतो. तिनं माझा खांदा धरला, तोल जाऊ नये म्हणून, आणि विचारलं, "आता कसा हाय रे आवाज तिचा? थकलाय का?"

मी म्हणालो, "न्हाई मावशी. तसाच आहे."

"मंग बरं हाय," ती म्हणाली.